पुढच्या वर्षीचा युनिफॉर्म

गुरुवार पेठ, पुणे
२ जुलै २०२५

बाईआजी,

सलाम आणि नमस्कार, दोन्ही.

खराडीला जाताना जिन्यात तुम्ही दम दिला होतात, "मला फोनवर ऐकू येत नाही, मेसेजमधलं तुझं मराठी वाचवत नाही, तेव्हा पत्र लिहायचं. आणि नीट लिहायचं." म्हणून लिहितेय. दादी पोट धरून हसली. म्हणाली, एकाच गावात पत्रं? तुझी बाई तर आहेच तशी, आता तूही झालीस.

तुमच्या वरच्या खोल्या अजून बंदच आहेत. खाली दुकानात मात्र श्वास घ्यायला जागा नाही. युनिफॉर्मचा सीझन संपता संपत नाही. अब्बा कापतात, अम्मी काजं-बटणं करते, मी घड्या घालते. आमच्या घरात शाळांना नावं नाहीत हे तुम्हाला माहीतच आहे. मरून शाळा, चौकडी शाळा, टेकडीकडची मोठी ती निळी-पिवळी शाळा. आणि आपली आकाशी. तुम्ही जन्मभर विज्ञान शिकवलंत ती, अब्बा आठवीपर्यंत होते ती, आणि आता मी नववीत आहे ती.

शाळा एकदम मस्त चाललीय! गेल्या शुक्रवारी कांद्याचा पापुद्रा सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला. आयोडीनचा थेंब टाकला की भिंतीच्या विटा मांडल्यासारखं दिसतं. आणि मध्ये मध्ये काळ्या कडेचे गोल, डोळ्यांत सुरमा घातल्यासारखे. सगळ्यांत सुंदर पेशी त्याच होत्या. पायऱ्यांवर मांडलेल्या बाकांवर बसायचं, वरून काचेतून उजेड येतो. मला तिथून उठवतच नव्हतं.

गुडघा कसा आहे? ऋचा काकू मीठ घालतात का आता?

तुमची,
अफशीन

—

खराडी (याला पुणे म्हणायचं असेल तर पुणे)
७ जुलै २०२५

चि. अफशीन, अनेक आशीर्वाद.

पत्र मिळालं. पत्राऐवजी तू स्वतः चालत निघाली असतीस तर आधी पोचली असतीस. असो.

गुडघा नवीन बसवलेला आहे, माझ्यापेक्षा तोच तरुण आहे. चौदाव्या मजल्यावरून खाली मुंग्यांसारख्या गाड्या दिसतात. माझा अवधूत आणि त्याची ऋचा लॅपटॉपशी बोलतात. मी कुंडीतल्या गवती चहाशी बोलते. मीठ घालत नाहीत.

आता मुद्द्याचं. त्या काळ्या कडेच्या गोल पेशी नव्हेत. ते हवेचे बुडबुडे आहेत. वरची काच तिरकी धरून हळू टेकवायची असते, तुम्ही धपकन ठेवलीत. पण याचा अर्थ तू खरोखर डोळा लावून पाहिलं आहेस. मोबाईलवरच्या चित्रात बुडबुडे ठेवत नाहीत, पुसून टाकतात. तेवढ्यापुरता माझा तुझ्यावर विश्वास आहे.

बाकी एका अक्षरावर नाही. आपल्या प्रयोगशाळेत पायऱ्या नाहीत. वरून काच नाही, पत्रा आहे. आणि मी निवृत्त झाल्यापासून तिथे तुटके बाक आणि स्नेहसंमेलनाचा पडदा ठेवतात. विज्ञानाचे सर वर्षातले निम्मे दिवस कुठल्या ना कुठल्या सरकारी कामावर असतात. मी म्हातारी झाले आहे, बावळट नाही.

कुठे होतीस?

वासंती

—

गुरुवार पेठ
१३ जुलै

बाईआजी,

तुमच्यापुढे कुणाचं चालणार!

सांगते. पण आधी कबूल करा की अब्बांना सांगणार नाही. कबूल केलंत असं धरून पुढे लिहिते.

आपल्या शाळेत ऑफ तासावर ऑफ तास असतात. मुकाट बसा, धडा वाचा, बोललात तर उभे राहा. मी धडे पहिल्या आठवड्यातच वाचून टाकले. मग एक दिवस गेलेच नाही. सारसबागेत बसले. दुसऱ्या दिवशी स्वारगेटला जाऊन एसटीच्या पाट्या वाचत बसले. शाळेचा मेसेज अब्बांच्या फोनवर येतो आणि तो फोन मीच बघते, कारण त्यांचे हात कायम खडूचे. पण खरं सांगू? जो कंटाळा आत बसून यायचा तोच बाहेर बसून यायला लागला. वर भूक पण लागते.

मग अब्बांनी निळ्या-पिवळ्या शाळेत एक गठ्ठा पोचवायला पाठवलं. परत येताना एका खिडकीशी थांबले. आत पोरी सूक्ष्मदर्शकावर वाकल्या होत्या, आणि एक मॅडम मुलांना चक्क म्हणत होत्या, "प्रश्न विचारा, गप्प का?" बाईआजी, घंटा होईपर्यंत मी तिथून हललेच नाही.

दुकानात प्रत्येक शाळेचा नमुन्याचा युनिफॉर्म टांगलेला असतो. निळा-पिवळा मला अगदी मापाचा. बस्स. त्यांच्या प्रॅक्टिकलला सगळ्या तुकड्यांची मुलं मिसळून बसवतात. अ तुकडीला वाटतं मी ब-मधली, ब-ला वाटतं मी क-मधली. आणि वॉचमन काका तोंड बघत नाहीत, युनिफॉर्म बघतात.

तेव्हा मी शाळा बुडवत नाही. मी शाळा बदलते, इतकंच. यात वाईट काय?

काच तिरकी टेकवून पाहिली. बुडबुडे गेले.

अफशीन

—

खराडी
१८ जुलै

अफशीन,

वाईट काय ते सांगते. खोटं वाईट. बापाच्या फोनवरचे मेसेज पुसणं वाईट. ज्या नमुन्यावर मन्सूरने आपलं नाव त्या शाळेत कमावलं, तो घालून तिथेच चोरासारखं शिरणं सगळ्यांत वाईट. "यात वाईट काय" असं विचारणाऱ्याला ते ठाऊक असतं, हा माझा शिक्षकी पेशातला अनुभव.

उद्यापासून बंद. तो युनिफॉर्म धुऊन, इस्त्री करून, होता तिथे टांग. आणि अब्बांना तू स्वतः सांग. मी सांगणार नाही, कारण ते तुझं काम आहे.

वासंती

ता. क. पेशीतलं केंद्रक दिसलं का? मध्यभागी शोधू नकोस, कडेला ढकललेलं असतं.

—

गुरुवार पेठ, पुणे
४ ऑगस्ट २०२५

आदरणीय बाई,

सप्रेम नमस्कार.

तुमची तब्येत बरी असेल. इथे बरं नाही म्हणून लिहितो. फोनवर तुम्हाला ऐकू येणार नाही आणि मला बोलवणार नाही.

अफशीन महिनाभर आपल्या शाळेत धड गेली नाही. दर बुधवारी-शुक्रवारी माझ्या दुकानातला नमुना घालून निळ्या-पिवळ्या शाळेत जाऊन बसायची. गेल्या शुक्रवारी पकडली गेली. कशी, ते ऐकून तुम्ही हसाल. मला हसू आलं नाही.

नेहमीच्या नमुन्यावर तिने आयोडीन सांडून ठेवलं होतं. म्हणून शेजारच्या हँगरवरचा काढून घातला. ती शाळा पुढच्या वर्षीपासून युनिफॉर्म बदलणार आहे. स्कर्टला रुंद घड्यांच्या बॉक्स प्लीट, खिशाला पिवळी पायपिन, म्हणजे कडेची बारीक पट्टी. त्याचा मी एकच नग शिवला होता. तो मी पाहिला होता आणि त्यांच्या प्रिन्सिपल मॅडमनी पाहिला होता, तिसऱ्या कुणी नाही. मॅडम वर्गात आल्या आणि सगळ्या शाळेत पुढच्या वर्षीचा युनिफॉर्म घालून माझी मुलगी पहिल्या बाकावर बसलेली!

मॅडम सभ्य आहेत. मला बोलावून एवढंच म्हणाल्या, "फिटिंग छान आलंय, मन्सूरभाई. पण एक वर्ष लवकर आलंय." काम काढून घेतलं नाही. बाई, त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

घरी आल्यावर मी तिला मशीनवर बसवलं. शाळा बंद. अम्मी, म्हणजे तिची दादी, म्हणते तेच बरोबर आहे. जी पोर तोंडावर इतकं सफाईने खोटं बोलते तिला रस्त्यावर एकटी सोडायची कशी? आणि शाळेतून पळूनच जायचं असेल तर हात तरी कामाला लागू दे.

मी आठवीत असताना माझे अब्बा आजारी पडले आणि त्यांनी मला मशीनवर बसवलं, तेव्हा तुम्ही भर पावसात दुकानात येऊन त्यांच्याशी भांडला होतात. त्यांनी ऐकलं नव्हतं. मीही ऐकणार नाही. तेव्हा या वेळी भांडायला येऊ नका. तुमचा गुडघाही नवा आहे.

आपला आज्ञाधारक,
मन्सूर

—

गुरुवार पेठ
१० ऑगस्ट

बाईआजी,

बातमी कळली असेलच. मी ठणठणीत आहे. काळजी करू नका. मशीन मला मस्त जमतं. सरळ शिलाई, दुमड, काज, सगळं. अब्बा म्हणाले, "हात चांगला आहे." रडले वगैरे अजिबात नाही.

पहिले दोन-तीन दिवस तर मजाच आली. पाठांतर नाही, घंटा नाही. मग मला मापं घ्यायला बसवलं. उशिरा ॲडमिशन झालेल्या मुली अजून येतात. मी टेप लावते, अम्मी लिहून घेते. आणि प्रत्येकीची आई एकच वाक्य बोलते, "थोडा सैल ठेवा हं, पुढच्या वर्षीही झाला पाहिजे." प्रत्येकीची! मरूनवाली, चौकडीवाली, सगळ्या. मी मान डोलावते आणि खाली कापड जास्त सोडते.

काल माझ्या वर्गातली अपूर्वा आली. तिला विचारलं, काय शिकवलं या आठवड्यात? म्हणाली, काही नाही गं, ऑफ तास. बाईआजी, मला त्या ऑफ तासाचासुद्धा हेवा वाटला. निदान तो तिचा होता! ती तिथे बसून वैतागली तरी दहावीत जाणारच आहे. तिच्या आईनेही सांगितलं, सैल ठेव बाळा, वाढतं अंग आहे. मी टेप गळ्यात घालून उभी. मला पुढचं वर्ष नाही, म्हणून माझं माप कुणी घेतच नाही.

वर लिहिलं ते खोटं आहे. रडले. कपाटाच्या मागे जाऊन, म्हणजे कापडावर डाग पडणार नाही.

तुम्ही सांगितलं होतंत अब्बांना स्वतः सांग. मी रोज उद्या सांगेन म्हणत राहिले. सांगितलं असतं तर कदाचित मशीनवर बसले नसते. आता मी म्हणते मला शाळेत जायचंय, आणि अब्बा म्हणतात, कुठल्या?

एवढं विचारते. केंद्रक शेवटपर्यंत नीट दिसलं नाही. तुम्ही म्हणालात कडेला असतं. किती कडेला?

अफशीन

—

खराडी
१४ ऑगस्ट २०२५

चि. मन्सूर, आशीर्वाद.

भांडायला येऊ नका म्हणालास, म्हणून पत्राने भांडते.

आधी माझा भाग. तिचा पराक्रम मला जुलैपासून ठाऊक होता. तिने तो स्वतः तुला सांगावा म्हणून मी गप्प बसले. तुला राग येईल. खुशाल येऊ दे. पण तो माझ्यावर काढ, तिच्या नववीवर काढू नकोस.

आता तुझा भाग. पोरगी खोटं बोलली, शिक्षा कर. महिनाभर भांडी घासायला लाव, फोन काढून घे, निळ्या-पिवळ्या शाळेत नेऊन माफी मागायला लाव. मीही कान धरीन. पण जे चोरलं ते काय चोरलं, हे तरी बघशील की नाही? अरे, शाळेतून पळणारी पोरं मी ढिगाने पाहिली. त्यांतली काही पकडून आणली, काही हातची गेली. कुंपणावरून उडी मारून वर्गात घुसणारी ही पहिली! इतकी वर्षं जिची वाट पाहिली ती विद्यार्थिनी मी निवृत्त झाल्यावर तुझ्या घरात जन्मली, आणि तू तिला काजं करायला बसवतोस?

तुझ्या अब्बांचं वेगळं होतं. ते आजारी होते, घर चालायचं होतं. तेव्हा मी हरले ते मला मान्य आहे. तू आजारी नाहीस. तू नुसता रागावलेला आहेस.

म्हणून एक ठरवलं आहे. मी विचारत नाही, कळवते आहे. आपल्या शाळेचा मुख्याध्यापक माधव, जो सहावीत असताना शाईची दौत माझ्या पांढऱ्या साडीवर उपडी करून पळाला होता, त्याला मी गाठलं. दर शनिवारी प्रयोगशाळा मी उघडणार, येतील त्या सगळ्यांसाठी. फुकट. तो म्हणाला, बाई, जिना आहे. मी म्हटलं, तू बाक हलव, जिन्याचं मी बघते. कुसुम शिपाईणीकडे किल्ली आहे आणि माझा सूक्ष्मदर्शक सागवानी कपाटात वरच्या फळीवर असणार, कुणी विकला नसेल तर.

शनिवार, २३ तारीख, सकाळी आठ. अफशीनला घेऊन ये. तू स्वतः बस. मी काय शिकवते आणि ती काय शिकते ते बघ. मग तुला वाटेल ते कर, मी पुन्हा एक शब्द बोलणार नाही.

वासंती

—

गुरुवार पेठ
१९ ऑगस्ट

आदरणीय बाई,

शनिवारी येतो. फक्त बघायला. अकराला दुकान उघडायचं आहे.

मन्सूर

—

गुरुवार पेठ, पुणे
२६ ऑगस्ट २०२५

बाईआजी,

शनिवारी तुम्ही अवधूत काकांच्या गाडीतून उतरलात, काठी त्यांच्याच हातात दिलीत आणि जिना चढायला लागलात. कुसुम मावशी मागून "बाई, हळू, बाई, हळू" करत होत्या. मला हसावं की रडावं कळेना. मग तुम्ही कपाट उघडलंत आणि जुन्या फ्लॅनेलमध्ये गुंडाळलेला सूक्ष्मदर्शक बाहेर काढलात. तुमचा चेहरा तेव्हा अगदी आमच्या वर्गातल्या मुलीसारखा दिसत होता. रागावू नका.

पुढचं तुम्हाला माहीत आहे. केंद्रक दिसलं. खरंच कडेला होतं, भिंतीला चिकटून. मी ओरडले आणि तुम्ही म्हणालात, "ओरडू नकोस, काढ चित्र."

पण नंतर तुम्ही नळाला पाणी नाही म्हणून मुख्याध्यापकांशी भांडायला खाली गेलात ना, तेव्हा वर काय झालं ते तुम्हाला माहीत नाही. म्हणून हे पत्र.

अब्बा आल्यापासून दाराशीच उभे होते, हाताची घडी घालून. मधूनमधून घड्याळ बघत होते. तुम्ही गेल्यावर मी एक उद्योग केला. माझ्या ओढणीला सकाळच्या कापाकापीतले धागे चिकटले होते. एक आपल्या आकाशी, टेरिकॉटच्या शर्टाचा, एक अम्मीच्या सुती अस्तराचा. दोन्ही काचेवर ठेवले, पाण्याचा थेंब टाकला, वरची काच तिरकी टेकवली. आणि म्हटलं, "अब्बा, जरा बघता?"

"मी काय बघू त्यात," असं म्हणत आले. टोपी मागे सरकवली, एक डोळा मिटला आणि वाकले.

बाईआजी, ते वाकले ते वाकलेच. सुती धागा पिळलेल्या फितीसारखा दिसत होता आणि टेरिकॉटमधले तंतू काचेच्या नळ्यांसारखे, सरळ, गुळगुळीत. डोळा न काढताच बोलले, "म्हणून हा चुरगळतो आणि तो चुरगळत नाही." मग म्हणाले, "आणि हा घाम धरतो." मग एकदम माझ्याकडे बघून, "हे मी रोज कापतो?"

मी म्हटलं, "हो, अब्बा."

"आठवीत हेच शिकवणार होत्या बाई. पुढच्या आठवड्यात धाग्यांवर प्रयोग आहे म्हणाल्या होत्या. मी नव्हतो."

मागे मुलींची रांग लागली. अपूर्वा म्हणाली, "काका, आमचा नंबर." तेव्हा कुठे उठले. मला वाटलं आता जातील, अकरा वाजायला आले होते. तर खिडकीजवळच्या बाकावर जाऊन बसले. एवढासा बाक, गुडघे टेबलाला अडत होते. मी जवळ जाऊन हळूच म्हटलं, "अब्बा, दुकान उघडायचंय ना?"

"राहू दे बंद," ते म्हणाले. "तास संपू दे."

तुम्ही वर आलात तेव्हा ते बसलेलेच होते. तुम्ही त्यांच्याकडे बघितलंत आणि एक अक्षर न बोलता फळ्यावर लिहायला लागलात. तुमच्यासारख्या बाईला गप्प बसणं किती जड गेलं असेल ते मला कळलं!

माझी शिक्षा संपलेली नाही. काल अब्बा मला निळ्या-पिवळ्या शाळेत घेऊन गेले आणि मी प्रिन्सिपल मॅडमची माफी मागितली. त्या म्हणाल्या, "प्रश्न फार छान विचारायचीस म्हणे तू. कुठल्या तुकडीतली म्हणून विज्ञानाच्या मॅडम रजिस्टरमध्ये शोधत होत्या." अब्बांचा फोन आता दादीकडे जमा आहे. दादीला तो उघडता येत नाही, म्हणून मेसेज आले की ती तो शेजारपाजारच्यांना वाचायला देते. आता मी एक दिवस जरी गैरहजर राहिले तरी अख्ख्या गुरुवार पेठेला कळेल.

तुमचे शनिवार मी धरून ठेवलेत. एकही सोडणार नाही. आणि ऑफ तासाला मी मुकाट बसणार नाही. आपल्या विज्ञानाच्या सरांनाही सांगितलं, सर, तुम्ही नसाल तेव्हा प्रयोगशाळेची किल्ली द्या, आम्ही चित्रं काढू. ते आधी गडबडले, मग म्हणाले, बघू. अपूर्वा म्हणते बघू म्हणजे हो.

आता शेवटचं. परवा रात्री जेवणं झाल्यावर अब्बांनी आकाशी कापडाचा तागा काढला. मला म्हणाले, "उभी राहा सरळ." आणि गळ्यातला टेप काढून माझं माप घ्यायला लागले. खांदा, बाही, उंची. अम्मी लिहून घेत होती. कापून झाल्यावर मी बघितलं, तर स्कर्टची दुमड केवढी मोठी! चार बोटं कापड आत. आमच्या दुकानात एवढं कुणालाच सोडत नाहीत.

मी म्हटलं, "अब्बा, फार सैल होईल."

त्यांनी मान वर केली नाही. तोंडात टाचण्या होत्या, तशाच म्हणाले, "होऊ दे. पुढच्या वर्षीही घालायचाय."

तुमची,
अफशीन, इयत्ता नववी